शिकाऊ हातांसाठी बांधलेले जहाज

२४ सप्टेंबर १९४० रोजी टेम्स नदीत नांगरलेले एक जुने लाकडी जहाज जर्मन विमानांच्या बॉम्बहल्ल्यात सापडले आणि तळाला गेले. शिडांच्या जमान्यात रांग धरून लढणाऱ्या भल्यामोठ्या युद्धनौकांपैकी शत्रूच्या माऱ्याने बुडालेली ती अखेरची नौका. पण तोफा उतरवून तिला कित्येक दशके लोटली होती. १८६८ पासून ती एक शाळा होती. न्यायालयाने सुधारगृहात धाडलेल्या मुलांना तिच्यावर दर्यावर्दी जीवनाचे शिक्षण दिले जाई, आणि या शाळेचे नाव होते 'कॉर्नवॉल'. तिचे मूळ नाव 'वेलस्ली'. तिचा जन्म मुंबईच्या गोदीतला, १८१५ सालचा. मलबारच्या सागवानातून जमशेटजी बोमनजी वाडियांनी ती घडवली होती.

'वेलस्ली' एकटी नव्हती. त्याच गोदीत १८२१ साली पाण्यात उतरलेली ८४ तोफांची 'गॅंजेस' १८६० च्या दशकात इंग्लंडमध्ये नौदलात भरती होणाऱ्या पोरांची शाळा झाली. आधी फाल्मथजवळ, मग हार्विचला ती उभी राहिली. पुढे शॉटली इथे किनाऱ्यावर शिक्षणकेंद्र झाले, तेव्हा जहाजाचे नावच त्या केंद्राला मिळाले आणि ते १९७६ पर्यंत टिकले. तिसरी 'त्रिंकोमाली'. १८१७ च्या ऑक्टोबरात मुंबईत तिचे जलावतरण झाले. १८९७ साली एका इंग्रज गृहस्थाने ती विकत घेतली, 'फुद्रोयां' असे तिचे नवे नामकरण केले आणि मुलांना समुद्राची ओळख करून देण्यासाठी तिचा वापर सुरू केला. ते काम तिने १९८६ पर्यंत केले. आज ती हार्टलपूलला जपून ठेवलेली आहे.

मुंबईच्या या जहाजांना दुसरे आयुष्य लाभले ते लाकडामुळे. ओकमधल्या आम्लाने लोखंडी खिळे गंजतात. सागवानातल्या तेलाने ते टिकतात. वाफेची इंजिने आणि लोखंडी चिलखते आली, तशा लाकडी युद्धनौका लढाईला निरुपयोगी ठरल्या. ओकच्या बऱ्याच सांगाड्यांना जहाज तोडणाऱ्यांकडे जावे लागले. सागवानी जहाजे मात्र मोडवत नव्हती, आणि ती ठेवायची तर काहीतरी काम द्यायला हवे होते. ते काम म्हणजे शाळा. प्रशिक्षण जहाजाची वंशावळ अशी सुरू होते. बराच काळ ते क्वचितच कोणी मुद्दाम बांधले; बहुधा जे उरले, ते शिकणाऱ्यांच्या वाट्याला आले.

या 'उरलेल्या'पासून 'मुद्दाम आखलेल्या'पर्यंतचा प्रवास मला फार महत्त्वाचा वाटतो. ताफ्यातले प्रत्येक जहाज ते चालवणाऱ्याला काम येते असे गृहीत धरून आखले जाते. सुकाणूपाशी उभ्या असलेल्या माणसाला अजून काम येत नाही, ही खूणगाठ बांधून आखलेले जहाज एकच, प्रशिक्षण जहाज. चूक होणारच आहे. ती व्हावी, दिसावी आणि सावरता यावी, एवढी जागा त्याच्या रचनेत असावी लागते. ही गोष्ट नौदलांना उशिरा समजली, आणि तिची किंमत पोरांनी मोजली.

नांगरलेली शाळा, बुडालेली शाळा

ब्रिटिश नौदलाने अधिकारी घडवण्यासाठी १८६३ मध्ये 'ब्रिटानिया' हे जुने जहाज डार्टमथच्या नदीत नांगरले. १९०५ साली तिथल्या टेकडीवर कॉलेजची इमारत उभी राहीपर्यंत उमेदवार तरंगत्या वर्गांतच शिकत. अशा नांगरलेल्या जहाजावर पुष्कळ काही शिकता येई. दोरांच्या गाठी, डोलकाठीवर चढणे, वल्ही मारणे, पहारे, घंटेबरहुकूम जगणे आणि शेकडो माणसांत आपली हातभर जागा नीटनेटकी ठेवणे, हे सारे तिथे अंगवळणी पडे. फक्त समुद्र शिकता येत नसे. जे जहाज हलतच नाही, त्यावर चूक होण्याची सोयच नाही, आणि म्हणून निर्णय घेण्याचा सरावही नाही.

यावर उपाय म्हणून जुन्या शिडाच्या फ्रिगेट प्रशिक्षणासाठी खुल्या समुद्रात पाठवल्या जाऊ लागल्या. १८७८ च्या मार्चमध्ये 'युरिडिसी' वेस्ट इंडीजचा दौरा आटोपून परतत होती. आइल ऑफ वाइटजवळ, घर नजरेच्या टप्प्यात असताना, हिमवादळाचा अचानक झोत आला. शिडे पसरलेली होती, तोफांच्या खिडक्या उघड्या होत्या. जहाज कलले, खिडक्यांतून पाणी शिरले आणि काही मिनिटांत सारे संपले. तीनशेहून अधिक माणसे गेली, दोघे वाचले. दोनच वर्षांनी, १८८० मध्ये, तिच्या जागी आलेली 'अटलांटा' बर्म्युडाहून निघाली आणि २८१ माणसांसह अटलांटिकमध्ये नाहीशी झाली. तिचा मागमूसही लागला नाही.

दोन्ही जहाजे मुळात लढाईसाठी बांधलेली होती. पट्टीच्या खलाशांनी क्षणात शिडे उतरवावीत, हे त्यांच्या आखणीत गृहीत होते. तिथे नवशिके चढवले, तेव्हा चूक पोटात घालण्याइतकी गुंजाइश त्या सांगाड्यांत नव्हती. शतक संपताना ब्रिटिश नौदलाने शिडांवरचे सक्तीचे शिक्षण बंद केले. प्रश्न मात्र तसाच राहिला. नांगरलेली शाळा समुद्र शिकवत नाही आणि म्हातारी युद्धनौका शिकणाऱ्याला सांभाळत नाही. मग शिकायचे कुठे?

माझगावसमोरची 'डफरिन'

भारतात हा प्रश्न वेगळ्या रूपाने उभा राहिला. इथे आधी मुद्दा होता, शिकायची परवानगी कोणाला? ५ एप्रिल १९१९ रोजी सिंदिया कंपनीचे 'लॉयल्टी' हे जहाज मुंबईहून लंडनकडे निघाले. सोलापूरच्या वालचंद हिराचंदांनी आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी परकीय जहाज कंपन्यांच्या मक्तेदारीला दिलेले ते आव्हान होते, आणि आजही तो दिवस राष्ट्रीय सागरी दिन म्हणून पाळला जातो. पण कंपनी देशी झाली तरी जहाजावर हुकूम देणारा अधिकारी कुठून आणायचा? पिढ्यान्‌पिढ्या दर्यावर जगलेल्या कोकण-गुजरातच्या लोकांना खलाशाचे काम मिळे. ब्रिजवर, म्हणजे जहाज चालवण्याचे हुकूम जिथून सुटतात तिथे, उभे राहण्याचे शिक्षण मिळत नसे. केंद्रीय कायदेमंडळात ही मागणी लावून धरली गेली. १९२३ मध्ये कॅप्टन हेडलॅम यांच्या अध्यक्षतेखाली भारतीय व्यापारी नौकानयनाची समिती बसली. तिने भारतीय तरुणांसाठी प्रशिक्षण जहाज हवे, अशी शिफारस केली.

जहाज मिळाले, पण पुन्हा उरलेलेच. १९०४ मध्ये बॅरो इथे बांधलेले 'डफरिन' हे सैन्य वाहून नेणारे जहाज होते. त्याचे सैनिकी काम संपले होते. १९२७ च्या डिसेंबरात ते मुंबई बंदरात माझगावसमोर शाळा म्हणून उभे राहिले. पहिल्याच तुकडीत रामदास कटारी नावाचा तरुण होता. डफरिनहून तो आधी हुगळी नदीतल्या पायलट सेवेत गेला, महायुद्धात नौदलाच्या राखीव दलात आला, आणि २२ एप्रिल १९५८ रोजी भारतीय नौदलाचा पहिला भारतीय प्रमुख झाला. स्वतंत्र देशाच्या नौदलाची सूत्रे हाती घेणारा माणूस एका नांगरलेल्या, निवृत्त जहाजावर घडला, ही त्या शाळेच्या शिक्षकांची थोरवी आहे. जहाजाची आखणी मात्र त्या कामासाठी झालेली नव्हती.

'डफरिन'ने १९७२ पर्यंत व्यापारी नौकांसाठी अधिकारी घडवले. तिच्यामागून 'राजेंद्र' आली, आणि १९९३ पासून तो वारसा नेरूळजवळच्या करावे इथे किनाऱ्यावरच्या 'चाणक्य'मध्ये चालू आहे. नावाआधी आजही 'प्रशिक्षण जहाज' असे लावले जाते, पण ती आता इमारत आहे. म्हणजे व्यापारी शाखेने तरंगती शाळा सोडून दिली. तिथल्या शिकाऊंना समुद्राचा अनुभव मिळतो तो मालवाहू जहाजांवर उमेदवारी करताना. नौदलाला ही वाट पुरेशी नव्हती. युद्धनौकेवर उमेदवाराला केवळ प्रवास करायचा नसतो. ताफ्यात चालणे, हेलिकॉप्टर उतरवणे, तोफ डागणे, भोक पडलेल्या जहाजात पाणी अडवणे आणि मध्यरात्री आग विझवणे, हे सारे त्याला करून पाहायचे असते.

लढून आलेल्या शिक्षिका

स्वातंत्र्यानंतर भारतीय नौदलाच्या वाट्याला आलेला ताफा लहान होता. महायुद्धाच्या सुमारास ब्रिटनने दिलेल्या रिव्हर वर्गातल्या फ्रिगेटपैकी 'शमशेर' आणि 'धनुष' फाळणीत पाकिस्तानकडे गेल्या. भारताकडे राहिलेल्यांत 'तीर' होती. पूर्वीची ही 'बॅन', १९४२ साली पाण्यात उतरलेली, अटलांटिकमध्ये पाणबुड्यांचा माग काढण्यासाठी बांधलेली. १९४८ मध्ये मुंबईच्या गोदीत तिच्यात फेरफार करण्यात आले आणि ती मिडशिपमनच्या, म्हणजे नवख्या अधिकाऱ्यांच्या, शिक्षणाची नौका झाली.

पुढे क्रूझर आल्या. 'दिल्ली' ही मूळची 'अकिलिस'. १९३९ च्या डिसेंबरात दक्षिण अमेरिकेजवळ, रिव्हर प्लेटच्या लढाईत, जर्मनांच्या 'ग्राफ श्पे'ला गाठणाऱ्या तीन नौकांपैकी एक. 'मैसूर' ही मूळची 'नायजेरिया'. १९७१ च्या युद्धात पश्चिम ताफ्याची ध्वजनौका. आयुष्याच्या उत्तरार्धात या दोघींनीही शिकाऊंना अंगाखांद्यावर खेळवले. १९७८ मध्ये 'दिल्ली' आणि १९८५ मध्ये 'मैसूर' निवृत्त झाली.

या नौकांचा प्रभाव मोठा होता. ज्या डेकवर लढाई झाली, तिथे उभे राहून शिकणाऱ्याच्या मनात जे रुजते, ते कुठल्याही नव्या जहाजावर रुजत नाही. पण खर्चाचे आणि उपयोगाचे गणित वेगळे सांगत होते. वाफेवर चालणाऱ्या क्रूझरला शेकडो खलाशी लागत, इंधन प्रचंड जाई. सहा इंची तोफांचे तंत्र हातात बसवून जो तरुण ताफ्यात जाई, त्याला तिथे क्षेपणास्त्रे आणि गॅस टर्बाइन भेटत. शिवाय म्हाताऱ्या यंत्रांच्या देखभालीत सारा दम जाई. शिकाऊंना यंत्र चालवू द्यायला, बंद पडू द्यायला आणि पुन्हा चालू करू द्यायला लागणारी निवांतता तिथे नव्हती. जुने जहाज भूतकाळ फार चांगला शिकवते. नौदलाला पुढची तीस वर्षे शिकवायची होती.

मुद्दाम आखलेली नौका

जगात काही नौदलांनी हा विचार आधी केला होता. फ्रेंचांनी १९३१ साली प्रशिक्षणासाठीच आखलेली क्रूझर सेवेत घेतली, नाव 'जान दार्क'. तिच्यानंतर त्याच नावाने १९६४ मध्ये आलेली नौका अधिक धाडसी होती. १८२ मीटर लांब, पुढे क्रूझरसारखी, मागे विमानवाहू नौकेसारखा हेलिकॉप्टरचा सपाट डेक. शांततेच्या काळात दरवर्षी कॅडेटना घेऊन लांबचा दौरा, युद्धाच्या काळात हेलिकॉप्टर वाहणारी लढाऊ नौका. बहुउद्देशीय प्रशिक्षण नौकेचे हे सर्वांत पूर्ण रूप.

पश्चिम जर्मनीने १९६३ मध्ये सेवेत आणलेली 'डॉइचलान्ट' आणखी एका बाबतीत विलक्षण होती. तिच्या आखणीकारांनी एकाच जहाजात डिझेल इंजिने आणि वाफेचे टर्बाइन दोन्ही बसवली. लढाऊ नौकेत असा संसार कोणी मुद्दाम मांडत नाही, कारण दोन तऱ्हांची यंत्रे म्हणजे दोन तऱ्हांचे सुटे भाग आणि दोन तऱ्हांचे कारागीर. पण तिच्यावरच्या उमेदवाराला पुढे कुठल्या जहाजावर पाठवले जाईल हे माहीत नव्हते. त्याला दोन्ही यायला हवे होते. शस्त्रांचेही तसेच. तोफा, पाणतीर, सुरुंग, पाणबुडीविरोधी अस्त्रे, सारे थोडे-थोडे. रणांगणावर हा पसारा ठरला असता. शाळेत तो अभ्यासक्रम होता. १९९० च्या दशकात ती भंगारात निघाली, तेव्हा तोडायला भारतात, अलंगच्या किनाऱ्यावर आणली गेली.

भारताने स्वतःची पहिली अशी नौका माझगाव गोदीत बांधली. १९८३ मध्ये तिचे जलावतरण झाले आणि २१ फेब्रुवारी १९८६ रोजी ती सेवेत दाखल झाली. जुन्या फ्रिगेटचे नाव तिला मिळाले, 'तीर'. मुंबईत बांधलेल्या 'त्रिंकोमाली'ने ज्या वर्षी इंग्लंडमध्ये शिकवणे थांबवले, त्याच वर्षी मुंबईत बांधलेल्या 'तीर'ने शिकवायला सुरुवात केली. पण दोघींत मूलभूत फरक आहे. पहिली लढण्यासाठी जन्मली आणि उरली म्हणून शाळा झाली. दुसरी शाळा म्हणूनच कागदावर उतरली.

शाळेचा सांगाडा

'तीर' सुमारे १०६ मीटर लांब आणि १३ मीटर रुंद आहे. पूर्ण भारासह वजन ३,२०० टनांच्या आसपास, दोन डिझेल इंजिने, दोन पंखे, वेग १८ नॉट. ताफ्यातल्या लढाऊ नौका तीस नॉटच्या घरात धावतात, त्यांच्यापुढे ती संथ आहे. पण हा संथपणा विचारपूर्वक स्वीकारलेला आहे. वेग दुप्पट करायचा तर इंजिनाची ताकद कैक पटींनी वाढवावी लागते, आणि ती ताकद जागा, इंधन व माणसे खाते. प्रशिक्षण नौकेला जागा हवी असते राहण्यासाठी आणि इंधन हवे असते दूर जाण्यासाठी. महिनाभर समुद्रावर राहून चार परकी बंदरे पाहून येणारे जहाज हे बंदराबाहेर झेप घेऊन परतणाऱ्या वेगवान जहाजापेक्षा अधिक शिकवते.

आखणीतला खरा पेच माणसांचा. 'तीर'वर नेहमीच्या खलाशी-अधिकाऱ्यांखेरीज १२० कॅडेट आणि २० शिक्षक राहू शकतात. म्हणजे त्या आकाराच्या जहाजाला जितकी माणसे पुरतात, त्यांच्यावर जवळजवळ निम्मी आणखी. प्रत्येकाला झोपायला जागा, आंघोळीला गोडे पाणी, दोन वेळचे गरम जेवण आणि संकटात चढायला तराफा हवा. समुद्राच्या पाण्यापासून गोडे पाणी करणारी यंत्रणा, स्वयंपाकघर, शीतगृह, वातानुकूलन, सांडपाण्याची सोय, सगळ्यांचा आकार वाढतो. वर्गखोल्या आणि राहण्याच्या खोल्या डेकच्या वर चढत जातात. वर चढलेले वजन जहाजाला कलंडवू पाहते, आणि उंच भिंतींवर वारा आदळतो. 'युरिडिसी'ची आठवण इथे कामी येते. तळाशी वजन किती, रुंदी किती, एखादा कप्पा पाण्याने भरला तर जहाज किती कलेल, याचा हिशेब लढाऊ नौकेत होतो तसाच इथेही काटेकोर करावा लागतो.

वर्गखोली कुठे असावी, हाही साधा प्रश्न नाही. लाटांवर जहाजाचे नाक आणि शेपटी सर्वांत जास्त वरखाली होतात. मध्यभागी हालचाल कमी. पहिल्या आठवड्यात पोटात ढवळत असताना नकाशावर रेघ ओढायची असते, म्हणून वर्ग शक्यतो मध्यभागी. सूर्य-ताऱ्यांची उंची सेक्स्टंटने मोजायला क्षितिज दिसेल असा मोकळा डेक हवा. उपग्रह बंद पडले तरी जहाजाची जागा सांगणारे ते साधन आहे. वल्ह्यांच्या होड्या हव्यात, कारण वारा आणि प्रवाह तळहातांना कळल्याशिवाय मोठ्या जहाजाचे वागणे डोक्याला कळत नाही.

सर्वांत महत्त्वाची गोष्ट ब्रिजची. अनेक देशांच्या प्रशिक्षण नौकांत मुख्य ब्रिजखेरीज शिकाऊंसाठी वेगळा ब्रिज असतो. तिथे तसाच रडारचा पडदा, तसेच होकायंत्र, तसेच नकाशाचे टेबल. उमेदवार तिथे उभा राहून गणित मांडतो, हुकूम देतो. मुख्य ब्रिजवरचा अनुभवी अधिकारी तो हुकूम ऐकतो आणि गरज पडली तर थांबवतो. चूक होते, सगळ्यांना दिसते, पण जहाज खडकावर जात नाही. एकोणिसाव्या शतकात शेकडो मुलांनी जीव देऊन विचारलेल्या प्रश्नाला जहाजबांधणीने दिलेले हे उत्तर आहे. मला ते कुठल्याही तोफेपेक्षा मोठे यश वाटते.

'तीर'च्या मागच्या डेकवर हेलिकॉप्टर उतरण्याची सोय आहे. शस्त्रे मोजकी, ४० मिलिमीटरच्या तोफा आणि परकी बंदरांत मानवंदना देण्याच्या तोफा. त्या मानवंदनेच्या तोफांना कमी लेखू नये. प्रशिक्षण नौका ज्या बंदरात जाते, तिथे ती देशाची पाहुणी असते. विशीतल्या उमेदवाराला समुद्राइतकेच हेही शिकायचे असते की परक्याच्या दारात आपल्या ध्वजाखाली कसे उभे राहावे. मित्रदेशांचे उमेदवारही याच नौकांवर आपल्या मुलांशेजारी शिकतात.

शिडे पुन्हा का आली

एवढे झाल्यावर नौदल शिडांकडे परतले, ही मागे जाण्याची खूण नव्हती. गोवा शिपयार्डने बांधलेली तीन डोलकाठ्यांची 'तरंगिणी' ११ नोव्हेंबर १९९७ रोजी सेवेत आली. आखणी ब्रिटिश नौकारचनाकार कॉलिन मूडी यांची. लांबी ५४ मीटर, शिडे वीस. २००३-०४ मध्ये तिने पृथ्वीप्रदक्षिणा केली. तिची बहीण 'सुदर्शिनी' त्याच गोदीतून २०१२ मध्ये आली. शिडावर चढलेल्याला वाऱ्याशी वाटाघाट करावी लागते. बटण दाबून काही होत नाही. शेजारच्याने दोर ओढला नाही तर आपला दोर निरर्थक आहे, हे तिथे पहिल्याच दिवशी समजते. खडकवासल्याच्या राष्ट्रीय संरक्षण प्रबोधिनीत नौदलाचे कॅडेट धरणाच्या पाण्यावर हाच धडा लहान शिडांवर गिरवतात, मग केरळमधल्या एळिमला इथल्या अकादमीत आणि तिथून कोचीच्या पहिल्या प्रशिक्षण ताफ्यात जातात. पोलादी 'तीर' आणि शिडांची 'तरंगिणी' एकाच ताफ्यात आहेत, कारण दोघी वेगवेगळे विषय शिकवतात.

अनेक कामांची एक नौका

बहुउद्देशीय हा शब्द अर्थखात्याला आवडतो. वर्षातले काही महिने शिकवणाऱ्या जहाजावर शेकडो कोटी का घालावेत, या प्रश्नाला तो सोयीचे उत्तर आहे. पण त्यामागे रचनेचे खरे कारणही आहे. प्रशिक्षण नौकेत जादा झोपण्याच्या जागा असतात, मोठे स्वयंपाकघर असते, भरपूर गोडे पाणी, मोठ्या खोल्या, हेलिकॉप्टरचा डेक, होड्या आणि खूप हात असतात. पूर, भूकंप किंवा वादळ झाल्यावर किनाऱ्यावरच्या माणसांना नेमके हेच हवे असते. वर्गखोलीत खाटा मांडल्या की इस्पितळाचा वॉर्ड होतो. म्हणून २००४ च्या त्सुनामीनंतर 'जान दार्क' आपल्या कॅडेटना घेऊन इंडोनेशियातल्या आचेच्या मदतीला गेली. शिकायला निघालेल्या तरुणांनी तिथे पाहिले ते कुठल्या पुस्तकात नव्हते.

भारतात हे उलट्या बाजूनेही घडले. 'शार्दूल' ही रणगाडे आणि सैनिक किनाऱ्यावर उतरवणारी नौका, २००७ मध्ये सेवेत आलेली. ती पहिल्या प्रशिक्षण ताफ्यात आहे. ज्या पोटात रणगाडे मावतात, त्यात धान्य आणि माणसेही मावतात. २०२० च्या मार्चमध्ये ती मादागास्करला ६०० टन तांदूळ घेऊन गेली. त्याच वर्षी जूनमध्ये, करोनाच्या टाळेबंदीत इराणमध्ये अडकलेल्या २३३ भारतीयांना तिने बंदर अब्बासहून पोरबंदरला आणले. फ्रान्सनेही २०१० मध्ये 'जान दार्क' निवृत्त झाल्यावर नवी प्रशिक्षण नौका बांधली नाही. ताफ्यातल्या मोठ्या हेलिकॉप्टरवाहू नौका आळीपाळीने कॅडेटना नेतात आणि त्या दौऱ्यालाच 'जान दार्क' म्हणतात.

इथे मतभेदाला जागा आहे. कामाच्या जहाजावर शिकणे खरे, की शिकण्याच्या जहाजावर? फ्रेंचांची वाट स्वस्त आणि ताजी आहे. उमेदवाराला आजचीच यंत्रे हाताळायला मिळतात. पण काम आणि शिक्षण यांची गाठ पडते तेव्हा काम नेहमी जिंकते. मोहिमेवरच्या कप्तानाला हुकूम वेळेत पार पाडायचा असतो. तिथे उमेदवाराच्या हाती सुकाणू देऊन त्याला दहा मिनिटे चाचपडू देण्याची मुभा नसते. ती मुभा असलेले जहाज ताफ्यात असावेच लागते. त्याने संकटकाळी मदतीला जावे, अवश्य जावे, कारण त्यातही शिक्षण आहे. मात्र त्याचे पहिले काम शिकवणे हेच राहिले पाहिजे.

रिकामी राहिलेली वर्षे

आपण या बाबतीत नेहमी जागरूक राहिलो असे म्हणता येत नाही. 'तीर'नंतर तिच्या जोडीची नौका लगेच बांधली गेली नाही. १९९५ मध्ये ब्रिटनची 'अँड्रोमेडा' ही फॉकलंडच्या युद्धात भाग घेतलेली फ्रिगेट विकत घेऊन 'कृष्णा' नावाने शिक्षणाला लावली. पुन्हा उरलेलेच जहाज. २०१२ मध्ये तीही निवृत्त झाली. त्याआधी २०११ साली गुजरातमधल्या एबीजी शिपयार्डला नव्या प्रशिक्षण नौकांचे काम दिले होते. कंपनी कर्जात बुडाली आणि जहाजे आलीच नाहीत. दरम्यान दर सहा महिन्यांनी नवी तुकडी अकादमीतून बाहेर पडत होती आणि ओझे 'तीर'वर आणि तिच्या जोडीला दिलेल्या इतर कामांच्या नौकांवर पडत होते.

१ मार्च २०२३ रोजी मंत्रिमंडळाने तीन कॅडेट प्रशिक्षण नौकांना मंजुरी दिली आणि ७ मार्चला लार्सन अँड टुब्रोशी ३,१०८ कोटी रुपयांचा करार झाला. त्या चेन्नईजवळच्या कट्टुपल्लीच्या गोदीत बांधायच्या आणि २०२६ पासून मिळाव्यात, असे ठरले. महिला उमेदवारांच्या शिक्षणाचा विचार त्यांच्या आखणीत आरंभापासून आहे. परदेशी उमेदवार, आपत्तीतली मदत आणि संकटात सापडलेल्या नागरिकांची सुटका ही कामेही त्यांच्या उद्दिष्टांत लिहिलेली आहेत. 'तीर' कागदावर उतरली, तेव्हा अधिकारी पुरुषच असणार हे न बोलता ठरलेले होते. नव्या नौकांच्या खोल्या, प्रसाधनगृहे आणि पहाऱ्याच्या जागा आखताना ते गृहीतक बदलले. जहाजाच्या आखणीत देश आपल्या पुढच्या अधिकाऱ्यांविषयी काय समजतो, हे लिहिलेले असते.

आता किनाऱ्यावर उत्तम सिम्युलेटर आहेत. त्यांत वादळ उठवता येते, बंदर बदलता येते, टक्कर घडवून पुन्हा सुरुवात करता येते. त्यांनी बराच भार हलका केला आहे आणि ते वाढायलाच हवेत. पण पुन्हा सुरुवात करता येते हीच त्यांची मर्यादा आहे. खऱ्या डेकवर आपल्या हुकमाने शंभर माणसे हलतात, कोणीतरी ओल्या शिडीवरून घसरू शकते, आणि पहाटे चारच्या पहाऱ्यात झोपेने डोळे जड झालेले असतानाही निर्णय आपलाच असतो. ही जबाबदारी काचेच्या पडद्यावर उमटत नाही.

म्हणून तीन नौका आल्या की काम संपले, असे समजू नये. प्रत्येक प्रशिक्षण नौकेचे वय निश्चित असते. 'तीर'च्या जागी येणाऱ्या नौकेचा कागद 'तीर' तरुण असतानाच टेबलावर यायला हवा होता. तो उशिरा आला. पुढच्या वेळी तसे होऊ नये. पाणबुड्या आणि विनाशिकांच्या आराखड्याला जो क्रम मिळतो, त्याच क्रमाने शाळेच्या जहाजाचाही आराखडा मांडला जावा, ठरल्या वर्षी सुरू व्हावा, ठरल्या वर्षी पुरा व्हावा. विनाशिका तीस-पस्तीस वर्षे लढायला सज्ज असते. तिच्या ब्रिजवर उभे राहणारे सगळे जण मात्र आधी कधीतरी शिकाऊच असतात, आणि त्यांना कुठे, कशावर आणि किती चुका करू देऊन आपण शिकवले, यावर त्या विनाशिकेचे मोल ठरते.